वाचकांचे प्रश्न : सहीच्या आधी

या महिन्याच्या टपालात पेडण्यापासून काणकोणापर्यंतच्या वाचक भगिनींची पत्रे आहेत. बाईची नोकरी, तिच्या नावावरचे कर्ज, तिचा स्वतःचा फ्लॅट, रात्रपाळी हे सगळे गोव्याच्या घरांत आता रुळले आहे. त्याच घरातले कागद आणि सणांचे रिवाज मात्र मागच्या पिढीच्या चालीने चालतात. बहुतेक पत्रांतली अडचण एकच दिसली : हक्क आहे, पण तो बजावण्याची वेळ हातची निघून गेली किंवा जायला आली. म्हणून या वेळच्या उत्तरांत काय करावे याबरोबर केव्हा करावे हेही सांगितले आहे. उत्तरे त्या त्या विषयात काम करणाऱ्यांची आहेत.

प्रश्न : माझे वय 31. लग्न ठरले आहे, पुढच्या महिन्यात रजिस्ट्रारकडे सह्या आहेत आणि मांडव त्यानंतर चार महिन्यांनी. तीन वर्षांपूर्वी पर्वरीला मी माझ्या पगारावर कर्ज काढून फ्लॅट घेतला. मैत्रीण म्हणते, सही केली की अर्धा फ्लॅट नवऱ्याचा होतो. घरचे म्हणतात, सह्या म्हणजे नुसता साखरपुडा. खरे काय? — डिचोली

उत्तर : मैत्रिणीचे खरे आहे. घरच्यांचा समज गोव्यात सर्रास आढळतो आणि तोच सर्वांत महागात पडतो.

गोव्यात 1867 ची पोर्तुगीज नागरी संहिता 1870 पासून लागू आहे आणि कुटुंब व मालमत्तेच्या बाबतीत ती आजही सर्व धर्मांच्या गोवेकरांना बांधते. गोव्याच्या कायद्यानुसार लग्न म्हणजे रजिस्ट्रारपुढची नोंद. पहिल्या सहीला दोघे तालुक्याच्या सिव्हिल रजिस्ट्रारपुढे जाऊन लग्नाचा इरादा जाहीर करतात. जन्मदाखले, रहिवासाचे पुरावे, फोटो आणि साक्षीदार त्या वेळी लागतात. मग नोटीस लागते, हरकतींसाठी साधारण दोन आठवडे जातात आणि दुसऱ्या सहीने लग्न पक्के होते. त्या क्षणापासून तुम्ही कायद्याने नवरा-बायको. मांडव, अक्षता, पंगत चार महिन्यांनी होवोत किंवा न होवोत, त्याने काही बदलत नाही. सह्या झाल्या आणि नंतर सोयरीक मोडली, तर दोन्ही घरांनी 'मोडली' म्हणून भागत नाही. कोर्टात जाऊन लग्न रद्द करून घ्यावे लागते किंवा घटस्फोट घ्यावा लागतो. म्हणून सह्या आणि मांडव यांत महिनोन्‌महिने अंतर ठेवू नका. हॉलची तारीख मिळत नसेल तर दुसरी सही पुढे न्या.

आता फ्लॅट. लग्नाआधी काही वेगळे लिहून ठेवले नसेल, तर आपोआप लागू होते ती संपत्तीची सर्वसाधारण सामाईक मालकी. लग्नाआधी तुमच्या नावावर असलेले, लग्नानंतर कमावलेले, पुढे वारशाने आलेले असे सगळे दोघांचे होते, निम्मे-निम्मे. बक्षीसपत्रात किंवा मृत्युपत्रात देणाऱ्याने 'ही मालमत्ता जोडीदारात सामाईक होणार नाही' अशी अट घातली असेल, तर तेवढी मालमत्ता बाजूला राहते. तेव्हा पर्वरीच्या फ्लॅटचा अर्धा हक्क त्यांचा होईल. पण त्यांच्या नावावर जे आहे आणि वडिलांच्या घर-भाटात पुढे त्यांच्या वाट्याला जे येईल, त्याचाही अर्धा हक्क तुमचा होईल. मैत्रिणीने बहुधा ही दुसरी बाजू सांगितली नाही.

हे नको असेल, तर लग्नापूर्वीचा करार करता येतो. त्यात तीन पर्याय आहेत. पूर्ण विभक्त मालकी : ज्याचे त्याचे. अर्जित मालमत्तेपुरती सामाईक मालकी : लग्नाआधीचे आणि वारशाचे ज्याचे त्याचे, लग्नानंतर कमावलेले दोघांचे. तिसरा पर्याय स्त्रीधनाच्या जुन्या पद्धतीचा असून तो आज फारसा कोणी निवडत नाही.

हा करार घरी स्टॅम्प पेपरवर लिहून चालत नाही. नोटरीपुढच्या सार्वजनिक दस्तानेच तो करावा लागतो आणि गोव्यात हे काम सब-रजिस्ट्रारच्या कार्यालयातले विशेष नोटरी करतात. करार लग्नाआधीच व्हायला हवा. लग्न झाल्यावर तो नव्याने करता येत नाही आणि केलेला बदलताही येत नाही, दोघे राजी असले तरी. तुमच्या हातात महिना आहे. पहिल्या सहीला जाण्याआधीच दस्त उरकून घ्या. पहिली आणि दुसरी सही यांच्या मधल्या पंधरवड्यात धावपळ करणाऱ्यांना कार्यालयाची तारीख मिळत नाही आणि मग 'राहू दे, नंतर बघू' होते. तो 'नंतर' पुन्हा येत नाही.

दस्तात फ्लॅटचा क्रमांक, इमारत, नोंदणी झालेल्या कराराचा क्रमांक व तारीख, बँकेचे कर्जखाते हे सगळे लिहा. सोने, ठेवी, गाडी यांचीही यादी द्या. वस्तू लग्नाआधीची होती की नंतरची, हा वाद दहा वर्षांनी उभा राहतो आणि तेव्हा पावत्या सापडत नाहीत.

कोणता पर्याय निवडावा? तुमची नोकरी कायम राहणार असेल आणि दोघांची मिळकत जवळपास सारखी असेल, तर अर्जित मालमत्तेपुरती सामाईक मालकी आम्हाला सर्वांत न्याय्य वाटते. फ्लॅट तुमचा राहतो आणि संसारात मिळून उभे केलेले दोघांचे होते. मुलांसाठी काही वर्षे नोकरी सोडण्याचा विचार असेल, तर पूर्ण विभक्त मालकीपासून दूर राहा. त्या वर्षांत नवऱ्याच्या नावावर जे जमेल, त्यात मग तुमचे काही नसते. सर्वसाधारण सामाईक मालकीने गोव्यातल्या लाखो गृहिणींना अर्धा हक्क दिला आहे. शहरात शिकलेल्या मुली तो न वाचताच नाकारतात, याचे वाईट वाटते.

आणखी दोन गोष्टी. सामाईक मालकीत घर किंवा जमीन विकायची तर दोघांच्या सह्या लागतात. जमिनीच्या एक-चौदाच्या उताऱ्यावर फक्त नवऱ्याचे किंवा सासऱ्यांचे नाव असले म्हणून तुमचा अर्धा हक्क बुडत नाही, पण नाव चढवून घेतलेले बरे. आणि नवरा आधी गेला, तर तुमचा अर्धा वाटा वारशात मोजला जात नाही, कारण तो मुळातच तुमचा असतो. वारस येतात ते उरलेल्या अर्ध्यावर. तिथे मुलगा-मुलगी समान असतात आणि मृत्युपत्र करूनही मुलांचा सक्तीचा वाटा, म्हणजे त्या अर्ध्यातला निम्मा, डावलता येत नाही. ही संहिता गोव्याच्या हद्दीपुरतीच आहे असे कोणी सांगितले, तर सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर 2019 मध्ये दिलेला निर्णय लक्षात ठेवा : गोव्याचा अधिवास असलेल्या माणसाची मालमत्ता भारतात कुठेही असली, तरी तिचा वारसा गोव्याच्या कायद्यानेच ठरतो.

प्रश्न : मी चवथ (गणेशचतुर्थी) आणि दिवाळीला घरून नेवऱ्या (करंज्या) विकते. दोन वर्षांत गिऱ्हाईक वाढले, आता पुण्याहूनही मागणी येते. पण आठवड्यात नेवऱ्या नरम पडतात, काहींना तेलाचा वास येतो. आणि यजमानांचे हिशेबनीस म्हणतात की माझ्या मिळकतीतली अर्धी त्यांच्या विवरणपत्रात दाखवावी लागेल. माझ्या कष्टाची मिळकत त्यांची कशी? — म्हापसा

उत्तर : आधी नेवऱ्या. नरम पडण्याचे कारण जवळजवळ नेहमी ओल असते आणि ती तीन ठिकाणांहून येते. सारणात ओला नारळ असेल तर नेवरी दोन-तीन दिवसांचीच, ती पुण्याला पाठवूच नये. बाहेरगावासाठी सुके खोबरे घ्या. साधारण 35 नेवऱ्यांच्या सारणाला किसलेले सुके खोबरे 250 ग्रॅम, पिठीसाखर 200 ग्रॅम, तीळ 50 ग्रॅम, खसखस 25 ग्रॅम आणि वेलची. खोबरे, तीळ, खसखस वेगवेगळे मंद आचेवर भाजा. एकत्र भाजले तर खसखस करपते आणि खोबरे कच्चे राहते. सारण पूर्ण थंड झाल्यावरच साखर मिसळा. गरम खोबऱ्यात साखर घातली की ती पाझरते आणि ती ओल आतून पारीला लागते.

पारीसाठी 300 ग्रॅम मैद्याला तीन मोठे चमचे कडकडीत तुपाचे मोहन. पीठ घट्ट मळा आणि अर्धा तास झाकून ठेवा. तेल फार तापलेले असेल तर पारीवर फोड येतात, बाहेरून लगेच रंग चढतो आणि आत पारी ओलीच राहते. मध्यमपेक्षा थोड्या मंद आचेवर एक घाणा सहा-सात मिनिटे तळायला हवा. तळल्यावर जाळीवर पसरून निदान चार तास ठेवा. कोमट असताना डब्यात भरल्या तर वाफ झाकणाला धरते आणि दुसऱ्या दिवशी वरचा थर मऊ होतो. चवथीच्या दिवसांत हवाच दमट असते, त्यामुळे नेवऱ्या जाळीवर रात्रभर उघड्या ठेवू नका. थंड झाल्या की लगेच बंद करा.

वासाचे कारण तेल. तेच तेल तिसऱ्या-चौथ्या दिवशी वापरले, तळाशी जळालेले पीठ तसेच राहिले, की वास आलाच. रोज गाळा, दोन दिवसांनी बदला आणि उरलेल्या तेलात नवे तेल ओतू नका. जुने खोबरेही खवट वास देते. पिशवी फोडल्याबरोबर एक तुकडा चावून बघा.

विक्री नियमित झाली आहे, तेव्हा अन्नसुरक्षा प्राधिकरणाची छोट्या उत्पादकाची नोंदणी ऑनलाइन करून घ्या. पाकिटावर 14 अंकी नोंदणी क्रमांक, घटक, निव्वळ वजन, बनवल्याची तारीख, कधीपर्यंत खावे ते आणि शाकाहाराचे हिरवे चिन्ह छापा. दर ठरवताना स्वतःचे तास धरा. सामान, गॅस, पाकीट यांची बेरीज करून वर थोडा नफा लावला की धंदा चालल्यासारखा वाटतो, पण तुमची मजुरी शून्य धरलेली असते. मदतीला बाई ठेवली तर तिला तासाला जे द्याल, तेच स्वतःला लावून बघा. बहुतेक घरगुती धंद्यांचा दर तिथेच चुकलेला सापडतो.

आता कर. हिशेबनीस बरोबर सांगतात. गोव्यातल्या सामाईक मालकीच्या जोडप्यांसाठी आयकर कायद्यात खास तरतूद आहे (1961 च्या कायद्यात ती कलम 5अ) : पगार सोडून बाकीची मिळकत, म्हणजे धंदा, भाडे, व्याज, दोघांत निम्मी विभागली जाते. पण हे दोन्ही बाजूंनी चालते. यजमानांचे दुकान असेल, घरभाडे येत असेल, तर त्यातली अर्धी मिळकत तुमच्या नावावर दाखवायची असते. अनेक घरांत बाईच्या नावाची ही अर्धी बाजू कोणी भरतच नाही. तुमचे स्वतःचे पॅन कार्ड, स्वतःचे बँक खाते आणि गरजेप्रमाणे स्वतःचे विवरणपत्र हवे. अशा विभागणीला आयटीआर-1 हा सोपा फॉर्म चालत नाही. ज्या फॉर्ममध्ये 5अ चे परिशिष्ट आहे तोच घ्या, त्यात जोडीदाराचा पॅन लागतो. बँकेने व्याजावर कर कापला असेल तर त्याचे श्रेयही विभागून घ्यायला विसरू नका. कर्जासाठी बँकेत जाल तेव्हा तुमच्या नावाची तीन वर्षांची विवरणपत्रे हीच तुमची पत असते.

प्रश्न : वेर्ण्याला कारखान्यात कंत्राटी कामगार आहे. सुपरवायझर रात्रपाळीत नको ते बोलतो, दोनदा अंगाला हात लावला. कंत्राटदार म्हणतो, तू कंपनीची नाहीस, तुझी तक्रार तिथे चालणार नाही. — एक वाचक

उत्तर : चालते. कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धचा 2013 चा कायदा कंत्राटी, रोजंदारी, शिकाऊ, घरकाम करणाऱ्या अशा सगळ्यांना लागू आहे. 10 किंवा अधिक माणसे काम करतात तिथे अंतर्गत समिती असलीच पाहिजे. तिची अध्यक्ष वरिष्ठ पदावरची स्त्री, निम्म्या तरी सदस्य स्त्रिया आणि एक सदस्य बाहेरची. समितीच नसेल, किंवा तक्रार खुद्द मालकाविरुद्ध असेल, तर जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जा.

तुमची मुदत शेवटच्या घटनेपासून 3 महिने. सबळ कारण असल्यास समिती ती आणखी 3 महिने वाढवू शकते, पण त्या भरवशावर थांबू नका. तक्रार लेखी हवी. लिहिता येत नसेल तर समितीने मदत करायची असते. तारीख, वेळ, जागा, नेमके शब्द, जवळ कोण होते हे त्याच रात्री वहीत लिहून ठेवा. नंतर आठवून लिहिलेल्या तारखा चौकशीत एकमेकींशी जुळत नाहीत आणि समोरचा नेमके तेच पकडतो. पाळीचा तक्ता, मेसेज, गेटवरची नोंद यांचे फोटो काढून घरच्या कोणाकडे पाठवून ठेवा. तक्रारीच्या सहा प्रती द्या आणि एका प्रतीवर पोचीची सही घ्या. चौकशी चालू असताना तुमची किंवा त्याची बदली, किंवा तुम्हाला 3 महिन्यांपर्यंत रजा मागता येते, त्यासाठी लेखी विनंती करा. चौकशी 90 दिवसांत संपवायची असते. तडजोडीचा मार्ग तुम्ही मागितला तरच खुला होतो, आणि पैसे घेऊन तडजोड कायद्याने करता येत नाही. कोणी पाकीट पुढे केले तर तेही लिहून ठेवा. अंगाला हात लावणे हा फौजदारी गुन्हाही आहे, पोलिसांकडे त्याच वेळी जाता येते.

प्रश्न : पाळीचा कप घेतला, पण दोन महिने गळतो आणि काढताना भीती वाटते. आई म्हणते लग्नाआधी असले वापरू नये. वसतिगृहात राहते. — फर्मागुढी

उत्तर : लग्नाशी त्याचा संबंध नाही. आईंना योनिपटलाची काळजी असावी. ते लवचीक असते, खेळानेही ताणले जाऊ शकते, आणि त्यावरून कोणाच्या चारित्र्याचे काही ठरत नाही, हे त्यांना शांतपणे सांगा.

गळतीचे सर्वांत मोठे कारण कप आत पूर्ण न उघडणे. हात साबणाने धुवा, कपाची कड पाण्याने ओली करा, कडेचा एक बिंदू बोटाने आत दाबा म्हणजे टोक निमुळते होते. उकिडवे बसून, माकडहाडाच्या दिशेने सरकवा. सरळ वर ढकलला तर अडतो आणि दुखतो. सोडल्यावर बुडाभोवती बोट फिरवा. घडी लागली असेल तर कप थोडा फिरवा. तरीही गळत असेल तर तो गर्भाशयाच्या मुखाच्या बाजूला बसला असेल किंवा आकार चुकीचा असेल.

काढताना देठ ओढू नका. भीती आणि वेदना दोन्ही तिथूनच येतात, कारण कप हवेच्या दाबाने धरलेला असतो. खाली जोर द्या, बूड हाताला लागले की ते चिमटीत दाबून हवा आत जाऊ द्या, मग हळूहळू डोलवत काढा. आधी श्वास सोडा, अंग आखडले की कप वर सरकतो. 12 तासांपेक्षा जास्त ठेवू नका. सुरुवातीच्या दिवसांत, जास्त स्राव असताना, चार-पाच तासांनी रिकामा करा.

वसतिगृहाच्या शौचालयात आत नळ नसेल तर पाण्याची छोटी बाटली नेऊन तिथेच धुवा. पाळी संपल्यावर खास ठेवलेल्या भांड्यात 5 ते 10 मिनिटे उकळा. पाणी आटून कप तळाला चिकटला तर तो जळून खराब होतो, म्हणून भांड्यापासून हलू नका. कोरडा करून सुती पिशवीत ठेवा. बंद प्लास्टिकच्या डबीत गोव्याच्या पावसाळ्यात त्याला कुबट वास धरतो. ताप, उलटी, अंगावर पुरळ असे एकदम झाले तर कप काढून लगेच डॉक्टरांकडे जा. असे क्वचितच होते, पण तेव्हा वाट बघायची नसते. तांबी बसवलेल्या स्त्रियांनी कप वापरण्याआधी डॉक्टरांना विचारावे, कारण काढताना तांबी सरकू शकते.

प्रश्न : मुलीची पहिली चवथ. सासरच्यांनी काही मागितलेले नाही, पण वजें, म्हणजे मुलीच्या सासरी पाठवायचे फळा-फराळाचे ओझे, मोठे गेले पाहिजे असे आमचेच भाऊबंद म्हणतात. मुलगी म्हणते पाठवूच नका. — पेडणे

उत्तर : मुलीचे ऐका आणि मुलीलाच तिच्या सासूबाईंशी आधी बोलू द्या. विहिणींनी परस्पर ठरवले की मुलगी मधे अडकते. बोलणे चवथीच्या आठवड्यात नको, आषाढातच व्हावे, कारण श्रावणात नेवऱ्या-लाडवांच्या ऑर्डरी जातात आणि मग मागे फिरता येत नाही. काहीच न पाठवणे जड जात असेल तर पाच नारळ, घरच्या नेवऱ्या, एक फणी केळी आणि माटोळीला (गणपतीवर टांगायच्या फळा-पानांच्या सजावटीला) दोन फळे, हातात मावेल एवढेच द्या. टेम्पो भरून गेलेले अर्धे फराळाचे शेजारीपाजारी वाटले जाते, हे दोन्ही घरांना माहीत असते.

आपखुशीची भेट वेगळी आणि मागणी वेगळी. लग्नाच्या निमित्ताने लग्नाआधी, लग्नात किंवा नंतर केव्हाही मागणी झाली तर ती 1961 च्या हुंडा प्रतिबंधक कायद्यात येते. लग्नात दिलेल्या वस्तूंची सह्यांसह यादी ठेवण्याचा नियम 1985 पासून आहे. यादी केली नसेल तर आता करा, एक प्रत मुलीजवळ असू द्या.

प्रश्न : वाड्यावरच्या हळदीकुंकवाला माझ्या विधवा जावेला बोलवायचे आहे. कसे बोलवू, म्हणजे तिला अवघडल्यासारखे होणार नाही? — साखळी

उत्तर : आधी एकटीला विचारा, तिची इच्छा आहे का. चारचौघींत विचारले तर तिला नाही म्हणता येत नाही. ती हो म्हणाली तर आमंत्रण सगळ्यांना एकाच शब्दांत द्या आणि 'सुवासिनींना' हा शब्द गाळा. कुंकू लावणारी तुम्हीच असा. ते काम दुसऱ्या कोणावर सोपवले तर तिचा हात ऐनवेळी थबकतो, आणि तेवढे थबकणे जावेला पुरे होते. तिला पहिली किंवा शेवटची नको, मधे बसवा. वाण सगळ्यांना तेच. कौतुकाचे भाषण करू नका.

कोणी रिवाजाचे नाव काढले तर कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाडचे सांगा. तिथल्या ग्रामपंचायतीने मे 2022 मध्ये विधवांचे कुंकू पुसणे, बांगड्या फोडणे, मंगळसूत्र काढणे बंद करण्याचा ठराव केला आणि त्याच महिन्यात महाराष्ट्र शासनाने इतर गावांनाही तसे आवाहन केले. पौषात धालो (बायकांची नाच-गाणी) घालायला मांडावर, म्हणजे त्याच्या ठरलेल्या अंगणात, उतरताना वाड्यावरच्या बायकांनी हे आपसांत आधीच बोलून घ्यावे. ज्या बाईला सगळी गीते पाठ आहेत, तीच कडेला बसलेली असते.